हप्ता जेमतेम वाढला, कर्ज दहा वर्षांनी लांबलं

पुण्यात सिंहगड रस्त्यावर रीसेलचा टू बीएचके. किंमत ६५ लाख, व्यवहार जानेवारी २०२२ चा. नवरा ३८ वर्षांचा, बायको ३५ ची, दोघंही नोकरदार. कर्ज ५० लाख, मुदत २० वर्षं, व्याज ७ टक्के, हप्ता ३८,७६५. मंजुरीपत्राला जोडलेल्या तक्त्यात शेवटच्या ओळीत एकूण व्याज ४३ लाख ४ हजार. तो आकडा पाहून दोघंही दचकले होते. पण ४३ लाख हा त्यांच्या कर्जाचा खर्च नव्हता. व्याजदर वीस वर्षं हललाच नाही तर येणारा तो आकडा, आणि दर सातव्या महिन्यातच हलला.

कुटुंब आणि बँक नमुन्याची आहेत, रेपो दर (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने उधार देते तो) आणि नियम खरे आहेत. हप्ते व शिल्लक महिन्याच्या हिशेबाने काढलेत. बँक दिवस मोजून व्याज लावते, त्यामुळे स्टेटमेंटमध्ये थोडाफार फरक दिसेल.

घर घेताना गेलेले पैसे

हा भाग बहुतेकांना ठाऊक असतो, म्हणून थोडक्यात. मुद्रांक शुल्क तेव्हा पुण्यात ६ टक्के होतं, म्हणजे ३,९०,०००. एक टक्का मेट्रो अधिभार एप्रिल २०२२ पासून आला, तोपर्यंत दस्त झाला होता म्हणून ६५ हजार वाचले. नोंदणी फी ३०,०००. दलाली एक टक्का, ६५,०००. सोसायटीचं हस्तांतरण प्रीमियम २५,०००. महापालिका हद्दीत यापेक्षा जास्त मागता येत नाही, मागितलं तर ‘देणगी’ हे नाव दिलं जातं. बँकेकडचं प्रक्रिया शुल्क, सर्च रिपोर्ट (मालकीच्या जुन्या नोंदींची तपासणी), मूल्यांकन, हक्कलेख ठेवीचा (घराचे कागद बँकेकडे तारण ठेवण्याचा) मुद्रांक आणि नोटीस ऑफ इंटिमेशन (त्या तारणाची सरकारदरबारी नोंद) मिळून ३५,०००. एकूण ५,४५,०००. यातला एक रुपयाही कर्जात बसत नाही, सगळा खिशातून जातो.

दस्त बायकोच्या एकटीच्या नावावर केला असता तर मुद्रांकात एक टक्का सवलत होती. त्यावेळी पंधरा वर्षं पुरुषाला विकता न येण्याची अट त्यासोबत यायची, म्हणून त्यांनी ती सोडली. ते समजण्यासारखं आहे. पण मग दस्त नवऱ्याच्या एकट्याच्या नावावर केला, ते महागात गेलं. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते, ती मालकी आणि कर्ज दोन्हींत नाव असलेल्या प्रत्येकाला वेगळी. बायको कर्जात सहकर्जदार होती, दस्तात नव्हती. २०२३-२४ या वर्षात त्यांनी ४ लाख ६४ हजार व्याज भरलं आणि वजावट मिळाली फक्त २ लाखांची. पुढे नवऱ्याने नवी करप्रणाली घेतली, तिथे राहत्या घराच्या व्याजाला वजावटच नाही. ‘टॅक्स वाचतो म्हणून कर्ज राहू दे’ हा सल्ला अजूनही फिरतो. तो ऐकण्याआधी आपण कोणत्या प्रणालीत आहोत ते पाहावं.

आता खरी गोम. घरासाठी लागत होते ४८ लाख ९० हजार. मंजूर झाले ५० लाख. वरचे १ लाख १० हजार म्हणजे कर्जविम्याचा एकरकमी हप्ता, जो बँकेने कर्जातच घातला. असा विमा सक्तीचा नसतो, पण मंजुरीच्या टेबलावर तो सक्तीचा वाटेल अशा बेताने समोर येतो. १ लाख १० हजारांचा हा विमा २० वर्षं ७ टक्क्यांनी फेडला तर २ लाख ५ हजारांना पडतो. शिवाय तो घटत्या छत्राचा आहे. विम्याची रक्कम मूळ तक्त्याप्रमाणे दर वर्षी उतरत जाते, प्रत्यक्ष कर्ज उतरो वा न उतरो. याचं पुढे काय झालं ते येईलच.

दर चढले तेव्हा

ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं बाहेरच्या मानकाला बांधलेली आहेत, बहुतेक ठिकाणी रेपोला. व्याजदर म्हणजे रेपो अधिक स्प्रेड, म्हणजे बँक त्यावर लावते ती टक्केवारी. या कर्जात स्प्रेड ३ टक्के आणि रीसेट, म्हणजे नव्या रेपोप्रमाणे दर बदलणं, दर तीन महिन्यांनी. कर्ज घेतलं तेव्हा रेपो ४ टक्के होता, म्हणून ७. मे २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने वाढ सुरू केली आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो ६.५० वर नेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के.

| रीसेट | रेपो | व्याजदर | हप्ता | शिल्लक मुद्दल | उरलेले हप्ते |
|---|---|---|---|---|---|
| जानेवारी २०२२ | ४.०० | ७.०० | ३८,७६५ | ५०,००,००० | २४० |
| जुलै २०२२ | ४.९० | ७.९० | ३८,७६५ | ४९,४१,५६४ | २७९ |
| ऑक्टोबर २०२२ | ५.९० | ८.९० | ३९,४५९ | ४९,२२,७४२ | ३५१ |
| जानेवारी २०२३ | ६.२५ | ९.२५ | ४०,६८९ | ४९,१३,८२९ | ३४८ |
| एप्रिल २०२३ | ६.५० | ९.५० | ४१,५७१ | ४९,०५,३२८ | ३४५ |
| एप्रिल २०२५ | ६.२५ | ९.२५ | ४१,५७१ | ४८,३३,२९८ | २९५ |
| जुलै २०२५ | ५.५० | ८.५० | ४१,५७१ | ४८,२०,२५६ | २४४ |
| जानेवारी २०२६ | ५.२५ | ८.२५ | ४१,५७१ | ४७,७४,८९१ | २२८ |

जुलै २०२२ ची ओळ बघा. हप्ता तोच. खात्यातून दर महिन्याला जाणारी रक्कम बदलली नाही, म्हणून घरात कोणाच्या लक्षातही आलं नाही. बँकेचा मेसेज आला होता: दर बदलला आहे, मुदत त्यानुसार समायोजित केली आहे. ‘समायोजित’ या एका शब्दात ४५ हप्ते वाढले होते. ऑक्टोबरमध्ये जुन्याच हप्त्यावर कर्ज फिटायला ३८५ महिने लागले असते. बँकेची कमाल मुदत ३० वर्षं होती, त्यामुळे मुदत तिथे अडली आणि हप्ता ६९४ रुपयांनी वाढला. सातशे रुपये वाढले याचं कोणाला विशेष वाटलं नाही. दहा वर्षं वाढली हे त्यांना कळलं २०२५ मध्ये, आयकराच्या कामासाठी व्याजाचं प्रमाणपत्र काढलं तेव्हा.

मुदत इतकी का ताणली गेली? उत्तर पहिल्याच हप्त्यात आहे. ३८,७६५ पैकी २९,१६७ व्याज होतं आणि मुद्दल ९,५९८. साधारण ४९ लाखांवर अडीच टक्के वाढ म्हणजे महिन्याला १०,२०० रुपये जास्तीचं व्याज. मुद्दलाला जाणारे साडेनऊ हजार त्यातच संपतात, वर सहाशे कमी पडतात. कमाल मुदतीची मर्यादा नसती आणि हप्ता ३८,७६५ च राहिला असता, तर एप्रिल २०२३ मध्ये व्याज झालं असतं ३८,८९७. हप्ता भरूनही कर्ज दर महिन्याला १३२ रुपयांनी वाढलं असतं, म्हणजे ते कधीच फिटलं नसतं.

यावरून एक गोष्ट ध्यानात येते, जी कर्ज घेताना कोणी सांगत नाही. मुदत जितकी लांब, तितका हप्त्यातला मुद्दलाचा भाग पातळ, आणि दरवाढीचा फटका तितका मोठा. हेच ५० लाख ७ टक्क्यांनी ३० वर्षांसाठी घेतले तर हप्ता ३३,२६५ येतो आणि पहिल्या महिन्याचं मुद्दल ४,०९८. एक टक्का दरवाढीचं व्याज ४,१६७. म्हणजे एका टक्क्यात सगळं मुद्दल गिळलं जातं. १५ वर्षांच्या कर्जात हप्ता ४४,९४१ आणि पहिलं मुद्दल १५,७७५, तिथे अडीच टक्के वाढीनंतरही काहीतरी फिटत राहतं. ‘परवडतो’ म्हणून लांब मुदतीचा हप्ता घेणारा माणूस दरवाढीसमोर सगळ्यात उघडा असतो.

मार्च २०२५ अखेर ३९ हप्ते गेले होते, एकूण १५ लाख ८७ हजार. मुद्दल उतरलं होतं १ लाख ६७ हजार. मूळ तक्त्याप्रमाणे ४ लाख १९ हजार उतरायला हवं होतं. आणि विमा? तो मूळ तक्त्यावरच चालला होता. त्याचं छत्र ४५ लाख ८१ हजारांवर आलं होतं, कर्ज मात्र ४८ लाख ३३ हजार. त्या महिन्यात काही बरंवाईट झालं असतं तर अडीच लाख बाकी कुटुंबाच्या गळ्यात राहिली असती. वीस वर्षांनी तर विमा संपतो आणि कर्ज पुढे चालूच राहतं.

दुसऱ्या वाटेने गेले असते तर

प्रत्येक रीसेटला मुदत २० वर्षंच ठेवा, हप्ता वाढवा, असं त्यांनी लिहून दिलं असतं तर हप्ता जुलै २०२२ मध्ये ४१,४६१, ऑक्टोबरमध्ये ४४,५२८, जानेवारी २०२३ मध्ये ४५,६१६ आणि एप्रिलमध्ये ४६,३९३ झाला असता. प्रत्यक्ष भरलेल्या हप्त्याहून ४,८२२ जास्त. दर उतरल्यावर तोच हप्ता चालू ठेवला असता आणि दर पुढे ८.२५ च राहिला असं धरलं, तर कर्ज २११ महिन्यांत संपलं असतं आणि एकूण व्याज ४७ लाख ४० हजारांच्या आसपास आलं असतं. प्रत्यक्षातल्या वाटेने, तोच दर धरून, २७६ महिने आणि ६४ लाख २० हजार. व्याजदर दोन्हीकडे सारखेच आहेत. १६ लाख ८० हजारांचा फरक केवळ मुदतीने पाडला.

यावर नेहमीचा आक्षेप असा की २०४४ मधला रुपया आजच्या रुपयाएवढा नसेल, आणि ते ४,८२२ एसआयपीत गेले तर जास्त मिळतील. पहिली गोष्ट खरीच आहे, १६ लाख ८० हजार हा आजच्या किमतीतला तोटा नाही. दुसरी कर्ज ७ टक्क्यांवर असताना पटण्यासारखी होती. साडेनऊ टक्क्यांचं कर्ज फेडणं म्हणजे साडेनऊ टक्के करमुक्त आणि बिनजोखमीचा परतावा, पीपीएफ ७.१ देतो. आणि या घरात ते ४,८२२ कुठल्याच एसआयपीत गेले नाहीत. ते वाणसामान आणि पेट्रोलमध्ये मिसळून गेले, जसे बहुतेक घरांत जातात. ज्यांचा हात खरोखर आखडलेला आहे त्यांनी मुदत वाढवली तर त्यात चूक नाही. इथे कोणी ठरवून मुदत वाढवली नव्हती, ती आपोआप वाढली.

आता असं आपोआप होऊ नये म्हणून नियम आहे. रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानुसार रीसेटच्या वेळी कर्जदाराला हप्ता वाढवणं, मुदत वाढवणं किंवा दोन्ही थोडं थोडं असा पर्याय द्यावा लागतो, स्थिर दराकडे जाण्याची मुभा देणं मात्र ऑक्टोबर २०२५ पासून बँकेच्या मर्जीवर आहे. मुदत वाढवताना व्याजही भागत नाही अशी स्थिती येता कामा नये. दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल आणि व्याज, हप्ता, उरलेल्या हप्त्यांची संख्या आणि वार्षिक दर दाखवणारं स्टेटमेंट मिळायला हवं. जुन्या कर्जांनाही हे डिसेंबर २०२३ पर्यंत लागू झालं. या घरात ती स्टेटमेंटं येत होती, ई-मेलच्या त्या टॅबमध्ये जिथे ऑफर येतात.

जानेवारी २०२६ मधली दुरुस्ती

पहिलं काम स्प्रेडचं. नव्या ग्राहकाला तीच बँक २.५० स्प्रेडने कर्ज देत होती, यांना ३ लागत होता. रेपो उतरला की जुन्या ग्राहकाचा दरही उतरतो, स्प्रेड मात्र आपणहून उतरत नाही, तो मागावा लागतो. बँकेच्या वेबसाइटवरचा नव्या कर्जाचा दर, आपला सिबिल स्कोअर आणि दुसऱ्या बँकेचं बॅलन्स ट्रान्सफरचं (कर्ज तिकडे हलवण्याचं) तत्त्वतः मंजुरीपत्र, हे तीन कागद शाखेत नेले. शाखेने आधी ‘सिस्टीममध्ये होत नाही’ म्हटलं, मग मुख्य कार्यालयाकडे अर्ज पाठवला. रूपांतर शुल्क ५,००० आणि १८ टक्के जीएसटी, मिळून ५,९००. दर ८.२५ वरून ७.७५. हप्ता ४१,५७१ च ठेवला तरी उरलेले हप्ते २२८ वरून २११ वर आले, साधारण ७ लाख १५ हजारांची बचत. बॅलन्स ट्रान्सफर प्रत्यक्षात करायची वेळ आली नाही ते बरंच झालं. त्यात नवं प्रक्रिया शुल्क, पुन्हा सर्च रिपोर्ट, पुन्हा हक्कलेख ठेवीचा मुद्रांक आणि जुन्या बँकेकडून कागद सुटेपर्यंतचे हेलपाटे, एवढं सगळं येतं. अर्ध्या टक्क्याहून कमी फरकासाठी ते सहसा परवडत नाही.

दुसरं काम हप्त्याचं. ४६,५०० केला. पगार चार वर्षांत वाढले होते, त्यामुळे ओढाताण झाली नाही. यासाठी वेगळा अर्ज आणि बँक खात्यावर नवा ई-मँडेट (हप्ता आपोआप कापण्याची परवानगी) लागतो. जुना मँडेट ४५,००० च्या कमाल मर्यादेचा होता. तो बदलला नसता तर पहिलाच हप्ता बाउन्स झाला असता, दंड लागला असता आणि सिबिलवर डाग पडला असता. हप्त्याच्या या वाढीने कर्ज आणखी ४१ महिने आधी संपतं, आणखी ८ लाख ८० हजार वाचतात.

तिसरं, २ लाखांचं पार्ट पेमेंट, बोनसमधून. व्यक्तीच्या फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड लागत नाही, मग रक्कम कुठूनही आणलेली असो. या २ लाखांनी १२ हप्ते उडाले, निव्वळ व्याज वाचलं ३ लाख ७० हजार. इथे दोन ठिकाणी पाय घसरतो. एक, काही बँकांची प्रणाली पार्ट पेमेंटनंतर मुदत तशीच ठेवून हप्ता कमी करते, म्हणून ‘हप्ता कायम, मुदत कमी’ असं अर्जातच लिहावं. दोन, पैसे नुसते कर्जखात्यात ट्रान्सफर केले तर ते कधीकधी पुढच्या हप्त्यांचे आगाऊ पैसे म्हणून पडून राहतात. मुद्दलात गेले की नाही ते दुसऱ्या दिवशी स्टेटमेंट काढून बघायचं.

कर्जविम्याला हात लावला नाही. एकरकमी हप्ता भरून झालेला, सोडला तर परत फारसं काही येत नाही. त्याऐवजी दोघांनी वेगवेगळा टर्म विमा घेतला, कर्जाशी न जोडलेला, ज्याचं छत्र उतरत नाही.

तिन्ही बदलांनंतर, दर ७.७५ च राहिला असं धरून, कर्जावर एकूण ९४ लाख ५० हजार भरले जातील आणि व्याज ४४ लाख ५० हजार होईल. जुन्या वाटेने ते ६४ लाख २० हजार होतं. कर्ज संपेल २०५ व्या महिन्यात, मूळ मुदतीच्या जवळपास तीन वर्षं आधी. खिशातून गेलेले २१ लाख ५५ हजार धरले, म्हणजे स्वतःचा १६ लाख १० हजारांचा वाटा आणि वरचा खर्च, तर ६५ लाखांचं घर १ कोटी १६ लाखांना पडतं. काहीच केलं नसतं तर १ कोटी ३५ लाख ७५ हजारांना. देखभाल आणि मिळकतकर यात नाहीत.

हा हिशेब करायला सॉफ्टवेअर लागत नाही. एक्सेलमधलं एनपीईआर हे सूत्र महिन्याचा दर, वजा चिन्हासह हप्ता आणि शिल्लक मुद्दल एवढं घेऊन उरलेले हप्ते सांगतं. सूत्राने आकड्याऐवजी चूक दाखवली, तर हप्ता व्याजालाही पुरत नाही असा त्याचा अर्थ. ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या कर्जांना की फॅक्ट स्टेटमेंट मिळतं, त्यात शुल्कं धरून वार्षिक खर्चाचा दर असतो. दोन बँकांची तुलना करायला तो उपयोगी आहे, पण तोही आजचा दर शेवटपर्यंत टिकेल असं धरूनच काढलेला असतो.

या खात्याचा पुढचा रीसेट १ एप्रिल २०२६ चा. रेपो तोच असेल तर त्या दिवशीच्या स्टेटमेंटमध्ये शिल्लक ४५,२३,७०० च्या आसपास आणि उरलेले हप्ते १५४ दिसायला हवेत. १६६ दिसले तर २ लाख मुद्दलात गेलेले नाहीत. १९० दिसले तर हप्तावाढ नोंदली गेलेली नाही. त्याच दिवशी शाखेला लेखी कळवून पोच घ्यायची. तीस दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करता येते, तिला फी नाही.